पहिला विजय

सहकाऱ्यांनी बर्फाच्या पाण्याची अख्खी बादली डोक्यावर रिकामी केली, तेव्हा कौस्तुभला वाटलं, ही शिक्षाच.

संघाचा जुना पिचर, म्हणजे चेंडू टाकणारा, रमोन स्वतःच्या निवृत्तीपूर्वीच्या शेवटच्या सामन्यात आठव्या डावात एका धावेची आघाडी राखून बाहेर आला आणि त्याच्या जागी कौस्तुभ पिचर म्हणून गेला. पहिल्याच चेंडूवर होमरन बसला, चेंडू थेट कुंपणापार गेला आणि बरोबरी झाली. मग संघाच्या फलंदाजांनीच सामना जिंकून दिला.

"अभिनंदन! विजय तुझ्या नावावर. पहिल्या विजयाला ही आंघोळ ठरलेलीच," प्रशिक्षक म्हणाले. निर्णायक आघाडी मिळताना जो पिचर असेल, विजय त्याचा, असा बेसबॉलचा नियम. कौस्तुभचा हा पहिलाच. रमोनच्या वाट्याला काही नाही.

कुंपणापाशी आई उभी होती. "अरे, घालवत होतास तूच ना? मग जिंकलास कसा?"

"मलाही कळत नाहीये."

"मग त्या बिचाऱ्याचं त्याला देऊन टाक की!"

"देता येत नाही गं."

तेवढ्यात रमोन आला. सामन्याचा चेंडू त्याने स्वतः तारीख घालून आणला होता. तो कौस्तुभच्या हातात ठेवून इंग्रजीत काहीतरी बोलला आणि गेला.

"काय म्हणाला?"

"उद्या आपल्याला जेवायला बोलावलंय."

"आपल्याला?" आई गोंधळली. "होमरन तुझ्यावर बसला, हे माहितीये ना त्याला?"