पेन्सिलची फुली

खलनायकानं नोटांनी भरलेल्या टबात तिसऱ्यांदा उडी मारली आणि तपासनीस साहेबांनी तिसऱ्यांदा कपाळावर हात मारला.

"अहो, बँकेचा अध्यक्ष नोटांत आंघोळ कशाला करेल?" ते दिग्दर्शकाला म्हणाले. "नोटांना वास येतो."

साहेब बँकेच्या दक्षता विभागातून निवृत्त झालेले. बत्तीस वर्षं त्यांनी घोटाळे उकरले होते. त्यातल्याच एका घोटाळ्यावर हा चित्रपट, म्हणून त्यांना सल्लागार नेमलं होतं. सल्ला देणं हे त्यांचं काम. तो घेणं हे कुणाचंच काम नव्हतं. सकाळपासून त्यांनी चांदीच्या मुठीची काठी, सोन्याचा टेलिफोन आणि अध्यक्षाच्या केबिनमधल्या काचेच्या टाकीतला रबरी शार्क यांना हरकत घेतली होती. दिग्दर्शकानं काठी काढली आणि दुसरा शार्क मागवला.

"मी पकडला तो अध्यक्ष घरी विणलेला स्वेटर घालायचा," साहेब वैतागून म्हणाले. "कोपराला ठिगळ होतं. पेन्सिली पुरवून पुरवून वापरायचा. हसायचा तर मुळीच नाही."

"मग तो चोर आहे हे प्रेक्षकांना कळणार कसं?"

"आम्हालाही अकरा वर्षं कळलं नव्हतं!"

दिग्दर्शकाला हे वाक्य फार आवडलं. त्यानं ते वहीत उतरवून घेतलं आणि खलनायकाला ओरडून सांगितलं, "आता आणखी मोठ्यानं हस!"

साहेबांनी टब सोडून दिला. शार्क सोडून दिले. पण एक्केचाळिसावा प्रसंग सोडायला ते तयार नव्हते. त्यात शाखेतल्या एका अधिकाऱ्यासमोर कागदांचा गठ्ठा येतो. आणणारा चहा मागवतो, मुलांच्या परीक्षेची चौकशी करतो. सही करायची तिथं आधीच पेन्सिलनं फुली केलेली असते. अधिकारी बोलता बोलता फुलीवर सही करतो आणि शेकडो लोकांच्या ठेवी बुडतात. पुढच्या प्रसंगात चौकशी. "किती घेतले?" तपासनीस विचारतो. "चहा घेतला, साहेब," अधिकारी म्हणतो.

हा सवाल-जवाब खराच झाला होता. प्रश्न साहेबांचाच. उत्तरापुढे त्यांनी अहवालात 'उर्मट' असा शेरा मारला होता. त्या अधिकाऱ्याची नोकरी गेली, दीड वर्ष तुरुंगात गेलं, आणि बाहेर आल्यावरही तो फारसा बाहेर आलाच नाही. चित्रपटाची लेखिका त्याची सख्खी भाची. हे तिनं पहिल्याच दिवशी सांगून टाकलं होतं. त्यामुळे तिच्यावर विश्वास ठेवायचा नाही, हेही साहेबांनी पहिल्याच दिवशी ठरवून टाकलं होतं.

"एवढं एकच सांगा, साहेब," दिग्दर्शक म्हणाला. "त्यानं पैसे खाल्ले होते की नव्हते? खाल्ले असतील तर टेबलाखाली बॅग ठेवतो. बॅग तयार आहे. तुम्ही म्हणाल ते."

दिवसभरात प्रथमच कुणी त्यांचं ऐकायला तयार झालं होतं. साहेब खुर्चीत सावरून बसले.

"मामा अजून आहेत, साहेब," लेखिका म्हणाली. "आयुष्यात पहिल्यांदा कुणीतरी त्यांची बाजू पडद्यावर दाखवणार म्हणून वाट बघताहेत. बॅग नका ठेवू."

"हे बघ बाळ, मामा तुझा आहे, तुला वाटणारच. पैसे सापडले नाहीत, ते सोड. पण माणूस न वाचता सही करत नाही. माझ्या अहवालाचं पहिलं वाक्यच ते होतं."

तेवढ्यात निर्मितीची मॅनेजरबाई आली. एका हातात चहाचा कप, दुसऱ्या हातात फाइल.

"साहेब, सकाळपासून बोलून बोलून घसा कोरडा पडला असेल तुमचा. घ्या. गुडघा काय म्हणतोय?"

"काय म्हणणार! जिना दिसला की बोंब मारतो."

"माझ्या सासऱ्यांचं तेच. तेवढ्या सह्या करून टाकता का? नेहमीचंच आहे. इथं, इथं आणि मागच्या पानावर. फुल्या केल्यात."

साहेबांनी कप डाव्या हातात घेतला. "बत्तीस वर्षांत," ते दिग्दर्शकाला म्हणाले आणि त्यांनी पहिली सही केली, "हजार माणसं माझ्यासमोर बसून रडली," दुसरी सही झाली, "की साहेब, मी वाचलंच नव्हतं." पान उलटून त्यांनी तिसरी सही केली. "एकावरही विश्वास ठेवला नाही. ठेवा बॅग!"

दिग्दर्शक बॅग आणायला उठला.

"साक्षीदार म्हणून तुमची पण एक," मॅनेजरबाईनं फाइल लेखिकेपुढे धरली.

लेखिका तिकिटामागची बारीक अक्षरंसुद्धा वाचून मगच बसमध्ये चढायची. घरात मामा असल्यावर सवय लागते. ती वाचू लागली. वाचता वाचता थांबली. मग मोठ्यानं वाचू लागली.

"'या चित्रपटातील सर्व प्रसंग मी स्वतः तपासले असून ते वस्तुस्थितीला धरून आहेत. माझी कोणतीही हरकत नाही.'" तिनं मान वर केली. "टब धरून, साहेब. दोन्ही शार्क धरून."

दिग्दर्शक बॅग हातात घेऊन होता तिथंच उभा राहिला. टबातल्या खलनायकाचं हसणंही थांबलं.

लेखिका हसली नाही. फाइल मिटून तिनं साहेबांच्या समोर ठेवली आणि हलक्या आवाजात विचारलं,

"किती घेतले?"

साहेबांनी डाव्या हातातल्या कपाकडे पाहिलं. तळाशी एक घोट उरला होता.

"चहा," ते म्हणाले.