न फोडलेलं पाकीट

बँकेचं ते पाकीट अंबाजीनं भीतीपोटी कधी फोडलंच नाही, मग उत्तर कुठलं देणार? शेवटी थकलेल्या कर्जापायी लोणावळ्यातल्या त्याच्या लॉजला सील लावायला बँक कोर्टात गेली.

“साहेब, पावसाळ्यात भुशी धरणावर लय माणसं येत्यात, खोल्या भरत्यात. तेवढी मुदत द्या,” त्यानं न्यायाधीशांपुढं हात जोडले.

“मुदत कसली? हे पत्राला उत्तरसुद्धा देत नाहीत,” बँकेचे वकील म्हणाले.

त्याच्या बायकोनं, कस्तुराबाईनं, पिशवीतून तेच बंद पाकीट काढून पुढं केलं. न्यायाधीशांनी ते फोडून वाचलं, हसू दाबलं आणि मुदत दिली.

घरी जाता जाता अंबाजीनं उत्तर टपालात टाकलं : ‘आपल्या बँकेच्या स्टाफच्या सहलीसाठी मागितलेल्या सगळ्या खोल्या राखून ठेवल्या आहेत. भाडं हप्त्यात वळतं करावं. वकीलसाहेबांना धबधब्याकडची खोली देऊ.’