एक्स-रेतलं दुसरं पिल्लू

इक्थिओसॉरसची ही मादी वितानाच मेली असावी. कोट्यवधी वर्षांपूर्वी समुद्रात राहणारा, लांब निमुळत्या तोंडाचा हा सरपटणारा प्राणी अंडी घालत नसे, पिल्लंच द्यायचा. हिच्या बरगड्यांच्या आत दोन होती.

संग्रहालयाच्या कार्यशाळेत मी आणि माझी लेक दगड कोरून हाडं मोकळी करतो. एक थर काढला की एक्स-रे घ्यायचा आणि मगच पुढे छिन्नी लावायची, ही आमची रीत. लेकीला दिवस गेल्यापासून एक्स-रे मी एकटाच घेतो. पोट शिळेला टेकवून बसू नकोस, असं तिला किती वेळा बजावलं. पण सातवा महिना लागला तरी ऐकेल तर शपथ.

आजच्या एक्स-रेत एकच पिल्लू होतं.

मी यंत्र तपासलं आणि पुन्हा एक्स-रे घेतला. एकच. दुसऱ्याच्या जागी नुसता दगड होता, अखंड, कुठे साधा तडाही नसलेला.

"काय दिसतंय, बाबा?" मी एक्स-रेच्या खोलीतून बाहेर आल्यावर तिने विचारलं.

"कालचंच." मी फिल्म पाठीमागे धरली.

"जरा इकडे या ना. डॉक्टर एकच म्हणाले होते, पण सकाळपासून आत दोघं असल्यासारखं वाटतंय." हसत हसत तिने माझा हात पोटावर ठेवला.

डावीकडे बाळाने नेहमीसारखी लाथ मारली.

उजवीकडे काहीतरी लांब, निमुळतं सावकाश वळलं आणि माझ्या तळहाताला टोक लावून थांबलं.

"बघा," ती म्हणाली, "तुमचा हात ओळखला त्याने."