निरोपाच्या चार ओळी

“एवढ्या चार ओळी वाचा आणि मोकळे व्हा, काका,” मॅनेजरने कागद पुढे सरकवला. “बाकी काही नको.”

प्रेक्षकांचे आभार, खेळाडूंचे आभार, शेवटी मॅनेजरचे आभार. ओळी आधी कुठेतरी वाचल्यासारख्या वाटल्या. निवेदकाने कागदाची घडी करून खिशात कोंबली. बास्केटबॉलच्या या स्टेडियममध्ये एकतीस वर्षं त्याने माइक सांभाळला होता, आणि आज निरोपाचे शब्दही दुसऱ्याचे.

राग आजचा नव्हता. पूर्वी तो मैदानाच्या कडेला, गुणलेखकाच्या टेबलाशी बसायचा. खेळाडू धावत आले की पायाखालची लाकडी जमीन हादरायची. या हंगामात मॅनेजरने त्याला वर, काचेच्या बंद खोलीत नेऊन बसवलं. कानांवर जाड हेडफोन, त्यात फक्त स्वतःचा आवाज. त्याआधी सुट्टीत चार दिवस त्याच्याकडून खेळाडूंची नावं, आकडे, ढीगभर वाक्यं वाचून घेऊन रेकॉर्ड केली होती. “आठवण म्हणून जपून ठेवू,” मॅनेजर म्हणाला होता. जणू आपण मेलोच.

त्यात हा खोकला. गेल्या सामन्यात अशी ढास लागली की डोळ्यांत पाणी आलं. बायको नेहमीसारखी तिसऱ्या रांगेत बसली होती. घरी आल्यावर ती म्हणाली, “कसला खोकला? मला तर नाही ऐकू आला.”

“उगाच माझं मन राखू नकोस,” तो खेकसला होता.

शेवटचा सामना संपला. खाली हजारो चेहरे काचेकडे वळले.

“बोला, काका,” शेजारी बसलेला साउंड ऑपरेटर मान वर न करता म्हणाला.

त्याने कागद काढलाच नाही.

“एकतीस वर्षं मी तुम्हाला नावं सांगत आलो. आज फक्त एका माणसाबद्दल सांगतो. तो खाली टाय लावून उभा आहे. त्याला चेंडू आणि भोपळा यांतला फरक कळत नाही. त्याने मला मोडक्या खुर्चीसारखं इथे वर आणून टाकलं. अशा माणसाच्या हाताखाली काम केल्याची मला लाज वाटते.”

बोलताना दोनदा खोकला आला. आवाज थरथरत होता.

खाली लोक उभे राहिले. टाळ्या ऐकू येत नव्हत्या, नुसत्या दिसत होत्या. मॅनेजरने छातीवर हात ठेवून मान लववली. निर्लज्जपणाची हद्द झाली, निवेदकाच्या मनात आलं. पण कितीतरी दिवसांनी छाती हलकी झाली होती.

जिन्याखाली बायको डोळे पुसत उभी होती.

“ऐकलंस ना? एकदाचं बोललो.”

“ऐकलं की. मला धास्ती होती, तुम्ही त्याची सालटी काढणार म्हणून,” ती म्हणाली. “पण अहो, शेवटी त्याचे आभार मानलेत ते फार शोभलं तुम्हाला. आणि आवाज एकदासुद्धा थरथरला नाही.”