बारावं वळण

फ्रांका बाकावर बसली, हेल्मेट चढवलं, डोळे मिटले आणि दोन्ही मुठी पोटाशी धरल्या. मुठींत गाडी वळवायच्या दोऱ्या आहेत असं समजायचं. समोर उलट्या खोक्यावर तिचा कोच गेर्नोट घड्याळ घेऊन बसला होता.

"निघ," तो म्हणाला.

आल्टेनबर्गच्या बॉबवाल्यांची, म्हणजे बर्फाच्या नाळेतून घसरगाडी हाकणाऱ्यांची, ही जुनी रीत. शर्यतीच्या आदल्या दिवशी पायलटने गाडीत न बसता, मनातल्या मनात बर्फाचा अख्खा मार्ग उतरायचा. सतरा वळणं, सतराही अंग कलवून घ्यायची, आणि लागलेला वेळ खऱ्या वेळेशी जुळला पाहिजे. परवा सरावात फ्रांकाची गाडी चौथ्या वळणावर उलटली होती आणि हेल्मेटसकट तिचं डोकं बर्फावर घासत शंभर-दीडशे मीटर खाली गेलं होतं. डॉक्टरांना तपासून काही सापडलं नाही. शेवटचा शब्द कोचचा, म्हणाले. चार वाजायच्या आत गेर्नोटने यादीवर सही केली तर फ्रांका उद्या उतरणार, आणि उद्या उतरली तरच ऑलिंपिकच्या संघात तिचं नाव राहणार.

फ्रांका डावीकडे कलली, उजवीकडे कलली. तिच्या मुठी जेमतेम बोटभर हलत होत्या. चांगल्या पायलटच्या तेवढ्याच हलतात. तिच्याबरोबर गेर्नोटही नकळत कलत होता. वीस वर्षं तो हाच मार्ग उतरला होता, दोनदा जगज्जेता झाला होता. खालच्या बेकरीत त्याचा मिशीवाला फोटो अजून लटकतोय, पिठाने पांढरा झालेला.

जमिनीवर फतकल मारून टाबेआ गाडीच्या पोलादी पात्या घासत होती. ही फ्रांकाची ब्रेकवाली. वरच्या टोकाला गाडी ढकलायची, मागे उडी मारून मुंडी खाली घालून बसायचं आणि तळाशी ब्रेक ओढायचा, हे तिचं काम.

"संपलं!" फ्रांकाने डोळे उघडले.

गेर्नोटने घड्याळ तिच्यापुढे धरलं. "छप्पन्न सेकंद. जमलं की, पोरी." त्याने पेन काढलं.

"सोळा," टाबेआ हात न थांबवता म्हणाली.

"काय सोळा?"

"वळणं. सोळाच झाली. अकराव्यावरून ही थेट तेराव्यावर गेली."

"तू पात्या घास," फ्रांका उसळली. "गुडघ्यांत मुंडी घालून बसणारी बाई मला वळणं शिकवणार!"

"मुंडी खाली असते म्हणूनच मोजते ना गं. मोजायला चुकले तर ब्रेक कुठे लावू, तुझ्या आईच्या स्वयंपाकघरात?"

"मग वेळ बरोबर कसा आला?"

"बाकीची रेंगाळत घेतलीस."

फ्रांका गेर्नोटकडे वळली. "कोच, तुम्ही नेहमी माझ्याबरोबर उतरता. सांगा हिला. घेतलं ना मी बारावं?"

घेतलंस, असं सांगायला गेर्नोटने तोंड उघडलं. मग त्याने डोळे मिटून एकट्यानेच उतरून पाहिलं. दहावं. अकरावं, लांबलचक. तेरावं. तो मागे गेला, पुन्हा अकराव्यातून बाहेर पडला आणि पुन्हा तेराव्यात शिरला. मधे काही नव्हतं. आपण घाबरायला हवं, हे त्याला कळत होतं, पण भीती काही येईना. दाताच्या डॉक्टरने सुई दिल्यावर गाल आपला वाटत नाही, तसं आतून झालं होतं.

"बरं, राहिलं असेल," फ्रांका जरा नरमली. "कसं घ्यायचं ते तुम्ही सांगा, मी परत उतरते. अजून पाऊण तास आहे."

गेर्नोटने पेनाला टोपण लावलं.

"कोच?"

"बूट घाला," तो म्हणाला. "चालत जाऊन बघू."

खिळ्यांचे बूट घालून तिघं बर्फावरून खाली गेली. कठड्यावर हा एवढा मोठा बारा रंगवला होता. फ्रांकाने हातमोजा काढून वळणाच्या बर्फाळ भिंतीवर तळवा टेकवला आणि तिचा चेहरा खुलला.

"हे होय! उशिरा शिरायचं, गाडीला वर चढू द्यायचं, मग डावी दोरी एकदाच, अगदी हलकेच. आलं! सगळं आलं! टाबे, आलं गं!"

"हुश्श," टाबेआ म्हणाली.

गेर्नोट भिंतीच्या अगदी जवळ जाऊन उभा राहिला. हजारो वेळा तो इथून गेला असणार. आयुष्यात पहिल्यांदाच बघत असल्यासारखं त्याने ते वळण या टोकापासून त्या टोकापर्यंत बघून घेतलं. मग यादी बर्फाला टेकवली आणि फ्रांकाच्या नावावर रेघ मारली.

"अहो, हे काय? आठवलं ना मला!"

"तुला आठवलं."

"मग? तुम्ही काय कमी वेळा आपटलात? दुसऱ्या दिवशी उतरलातच ना? आणि जिंकलातसुद्धा!"

"उतरलो. म्हणूनच ही रेघ," गेर्नोट म्हणाला. त्याला तिचा राग आला नाही आणि स्वतःची कीवही आली नाही. टाबेआ मात्र त्याच्याकडे टक लावून बघत होती. तिने पुढे होऊन त्याचं कोपर धरलं.

"आता हळू सांग," तो फ्रांकाला म्हणाला. "हे बारावं. कसं घ्यायचं म्हणालीस?"

फ्रांका फणकाऱ्यानेच सांगायला लागली, आणि अर्ध्यावर तिला कळलं की तो परीक्षा घेत नाहीये, त्याला ते खरंच आठवत नाहीये. मग तिने पहिल्यापासून, हळू सांगितलं.