दुसरा साक्षीदार

डॉक्टरांनी फॉर्म पुढे सरकवला आणि प्रतीकला विचारलं, “यांच्या मृत्यूने तुम्हाला काही मिळणार आहे?” मरण अटळ असेल तर मशीनवर जिवंत ठेवू नका, असं पद्माकरांना आज कायदेशीर लिहून द्यायचं होतं, उद्या ते हॉस्पिटलमध्ये दाखल होणार होते. एक साक्षीदार डॉक्टर आणि दुसरा वारसांबाहेरचा हवा, म्हणून त्यांनी जहाजावरच्या आपल्या जुन्या ज्युनियरला बोलावलं होतं. “काही नाही,” म्हणत प्रतीकने पेन उचललं. “आणि सायकल?” पद्माकरांची बायको कुमुद कोपऱ्यातून म्हणाली. दोन महिने ती नवऱ्याशी या कागदावरून भांडत होती. “पुलाउ उबीन बेटावर फिरायला न्यायची सायकल यांनी मृत्युपत्रात तुझ्या नावावर केलीय.” डॉक्टरांनी फॉर्म मागे घेतला. “मग हे चालणार नाहीत.” पद्माकर ताडकन उठले आणि धाप लागून पुन्हा बसले. “मुद्दाम केलंस! त्या गंजक्या सायकलपायी?” “वहिनी, मला नकोच ती सायकल,” प्रतीक काकुळतीला आला. कुमुद उठून बाहेर गेली. क्लिनिक बंद व्हायला वीस मिनिटं होती. पद्माकर पेनाचं टोपण काढत होते, लावत होते. दार उघडलं. कुमुदमागे खालच्या हॉकर सेंटरच्या खाद्यस्टॉलांमधल्या कॉफीवाल्या मिसेस टॅन होत्या, एप्रनला हात पुसत. “साइन व्हेअर, आह?” कुमुदने त्यांना खुर्ची दिली, मग नवऱ्याला म्हणाली, “ऐनवेळी कुणी या कागदात खोट काढली, तर तुम्ही शुद्धीवर नसाल. या कागदासाठी भांडायचं मलाच आहे.”