तीनशे दहा ब्लँकेटं

“आत गेल्यावर तू तोंड उघडायचं नाहीस,” फाउस्तो बेर्देहा साहेबांनी चौकशीच्या खोलीबाहेर बजावलं. “विचारलं तर ‘हो’ म्हणायचं. बाकी मी बघतो. शिरलं का डोक्यात?”

गोदाम सांभाळणाऱ्या इलारियानं मान हलवली. दोन वेण्या, घेरदार घागरा, पायात धुळीनं भरलेले सपाट बूट. साहेबांना तिच्याकडे बघूनच वैताग यायचा. असली माणसं सरकारी नोकरीत घेतलीच कोणी?

प्रांताच्या मदत गोदामात कागदावर आठशे चाळीस ब्लँकेटं होती. सप्टेंबरात ला पासच्या मुख्य कचेरीतून आलेल्या तपासनिसानं मोजली, तर तीनशे दहा कमी. आणि कायदा असा वाकडा, की माल गायब झाला की पहिली मान प्रमुखाची, म्हणजे साहेबांची. प्रमुखानं आपण डोळ्यांत तेल घालून लक्ष ठेवलं होतं हे दाखवलं, तरच तो सुटणार आणि गोदामवाली जाणार. दोघांपैकी एकाची नोकरी आज जायची होती. इलारियाच्या पेन्शनला अकरा महिने उरले होते.

बयेनं काम सोपंच केलं होतं म्हणा. साहेबांनी खडसावताच ती म्हणाली होती, “मीच दिली, साहेब. वर डोंगरातल्या लामा पाळणाऱ्यांना. येतील की परत. जातात कुठं?”

“पावती?”

“म्हाताऱ्या पाटलानं मूठभर कोकाची पानं दिली, मी घेतली. झालं की. आमच्यात तसंच असतं.”

साहेब डोळ्यांत पाणी येईस्तोवर हसले होते. मूठभर पाल्यावर सरकारी माल! “अगं बाई, ती मेंढरांसारखी राहणारी माणसं. तीनशे दहातलं एक जरी परत आलं ना, तर मी नाव बदलीन. मी रजेवर गेलो आणि तुला रान मोकळं मिळालं, असंच ना?”

“तसं नाही साहेब, तेव्हा थंडी—”

“पुरे! तुझं थंडीपुराण नको मला.”

त्यांनी स्वतः कबुलीजबाब टाइप केला आणि तिनं मुकाट्यानं सही केली.

चौकशी अधिकारी होत्या दोक्तोरा उरियोना, बुटक्या, जाड चष्म्याच्या वकीलबाई. साहेब त्यांच्यासमोर अगदी लोण्यासारखे बोलले. कबुलीजबाब पुढं सरकवला. मग दर महिन्याच्या मोजणीचे दाखले एकेक करून मांडले.

“दर महिन्याच्या शेवटच्या शुक्रवारी मी स्वतः गोदामात जातो, दोक्तोरा. एकेक ब्लँकेट हातानं मोजतो. दुसऱ्यावर भरवसा ठेवायची माझी सवय नाही. हे बघा, ऑगस्टअखेर आठशे चाळीस पूर्ण. सप्टेंबरात मी कोचाबांबाला रजेवर, किल्ली हिच्याकडे. पुढचं मी काय सांगायचं?”

दोक्तोरांनी दाखले नीट वाचले. “सह्या तुमच्याच?”

“माझ्याच.”

“मोजणीही तुम्हीच केलीत?”

“आईशप्पथ!”

इलारिया खाली मान घालून बसली होती. साहेबांना मनातून बरं वाटलं.

एवढ्यात अंगणात कालवा झाला. शिपाई धावत आत आला. “दोक्तोरा, लामांचा कळप घुसलाय! पाठीवर गठ्ठे आहेत.”

वरच्या वस्तीचा म्हातारा पाटील टोपी हातात घेऊन दारात उभा राहिला. “इलारियाताई गोदामात नव्हती. म्हटलं, इथंच आणून द्यावं.”

अंगणात गठ्ठे सोडले. स्वच्छ धुतलेली, घड्या घातलेली ब्लँकेटं. शिपायानं दोनदा मोजली. तीनशे दहा. एकही कमी नाही. इलारियानं पदरासारखी शाल तोंडाला लावली आणि ती ढसाढसा रडली.

साहेब क्षणभर गडबडले, पण लगेच सावरले. “आणून दिली म्हणून गुन्हा पुसला जात नाही, दोक्तोरा! सरकारी माल असा खिरापतीसारखा वाटायचा? हिला काढलीच पाहिजे.”

“आपत्तीत माल वाटायचा अधिकार गोदामवालीला आहे,” दोक्तोरा म्हणाल्या. “पावती घेतली नाही, त्याची लेखी समज देऊ. पाटील, ब्लँकेटं नेलीत कधी?”

“सान हुआनच्या सणाच्या आदल्या दिवशी, बाई. तेवीस जूनला, आमच्या ऐन हिवाळ्यात. त्या रात्री हिम असं पडलं, की आमची चाळीस जनावरं गारठून मेली. पोरं तेवढी या ब्लँकेटांनी वाचली. तेव्हापासून रोज अंगावर हीच. थंडी सरली, तशी परवा ओढ्यावर नेऊन धुतली.”

दोक्तोरांनी जून, जुलै आणि ऑगस्टचे दाखले उचलले आणि सह्यांची बाजू वर करून साहेबांसमोर ओळीनं मांडले.

“मग बेर्देहा साहेब, तीन महिने तुम्ही हातानं मोजलीत, ती कोणती?”